घरचा रस्सा पूर्वीसारखा का लागत नाही?

रविवारी सकाळी दहाच्या सुमारास शहरातल्या कोणत्याही वस्तीतून चक्कर मारावी. कोंबडीच्या दुकानापुढे रांग लागलेली असते आणि दोन तासांनी त्याच वस्तीतल्या जिन्याजिन्यांतून भाजलेल्या कांद्या-खोबऱ्याचा वास खाली उतरू लागतो. सोमवार, गुरुवार, शनिवार, चतुर्थी, एकादशी आणि श्रावण वजा जाता मांसाहारी मराठी कुटुंबाच्या वाट्याला जे दिवस उरतात, त्यांत रविवारचा मान मोठा. साहजिकच जेवायला बसताना अपेक्षाही मोठी असते. ताटात भाकरी, वाटीत लालभडक रस्सा, बाजूला कांदा आणि लिंबाची फोड. पहिला घास घेतल्यावर घरातले एखादे वडीलधारे माणूस मात्र हळूच म्हणते, 'छान झालाय, पण आईच्या हातची चव नाही.'

हे वाक्य ऐकून घेणाऱ्या गृहिणीचा (आजकाल अनेक घरांत गृहस्थाचाही) पहिला संशय मसाल्यावर जातो. पुढच्या रविवारी तिखट वाढते, गरम मसाला वाढतो, बाजारातले तयार मसाल्याचे पाकीट येते. रस्सा अधिक झणझणीत होतो, पण त्याचा पाणचटपणा काही जात नाही. एकाच डब्यात बसलेल्या अनोळखी प्रवाशांप्रमाणे मसाला, पाणी आणि कोंबडीचे तुकडे वाटीत शेजारी शेजारी बसून राहतात. वर्षानुवर्षे तोच मसाला आणि तीच कृती असताना असे का व्हावे? याचे उत्तर मसाल्याच्या डब्यात शोधण्यापेक्षा कोंबडीच्या दुकानात शोधलेले बरे.

आपल्या आज्यांची रीत ज्या कोंबडीसाठी घडली ती परसात, उकिरड्यावर दाणे टिपत फिरणारी गावरान कोंबडी. दीड किलोची व्हायला तिला पाच-सहा महिने सहज लागत. शिवाय पाहुणा आला म्हणून कापली जाई ती बहुधा अंडी देणे थांबवलेली जुनी कोंबडी किंवा नाकी नऊ आणणारा एखादा कोंबडा. आज दुकानातल्या जाळीत दिसणारी पांढरी ब्रॉयलर कोंबडी पाच ते सहा आठवड्यांतच दोन किलोंच्या घरात पोहोचते. हा बदल घडवणाऱ्या व्यवसायाचे एक मोठे केंद्र आपल्या पुण्यातच आहे. डॉ. बी. व्ही. राव यांनी १९७१ मध्ये स्थापन केलेल्या वेंकटेश्वरा हॅचरीज समूहाचे मुख्यालय तिथलेच. एरवी सणावारी किंवा पाहुण्याला शिजणारी कोंबडी दर आठवड्याला परवडू लागली, ती या व्यवसायामुळे. त्यामुळे ब्रॉयलरच्या नावाने सरसकट नाके मुरडण्यात अर्थ नाही. गंमत अशी की इंग्रजीत 'ब्रॉयल' म्हणजे विस्तवाच्या झळीवर भाजणे. आपल्याकडे बोलीत तिची 'बॉयलर' झाली आणि जणू उकळण्यासाठीच जन्माला आल्यासारखी ती सरसकट उकळली जाऊ लागली. सगळा घोटाळा इथेच आहे.

स्नायूंचे तंतू एकमेकांशी आणि हाडाशी बांधून ठेवणारे कोलॅजन नावाचे एक प्रथिन असते. प्राणी जसा वयाने वाढतो तसे त्याच्या कोलॅजनचे बंध घट्ट होत जातात. म्हणूनच जुन्या कोंबडीचे मांस चिवट लागते. पाण्यात मंद आचेवर दीर्घकाळ शिजवल्यावर हे कोलॅजन हळूहळू विरघळून त्याचे जिलेटिन होते. रस्सा ओठांना किंचित चिकटतो, भाकरीच्या तुकड्याला धरून राहतो आणि उरलेला फ्रिजमध्ये ठेवला की दुसऱ्या दिवशी थलथलीत गोठतो, ते या जिलेटिनमुळे. गावरान कोंबडी तासभर चुलीवर रटरटत असे तेव्हा मांस मऊ होण्याइतकेच महत्त्वाचे दुसरे काम होत होते: पाण्याला अंग येत होते. त्यातच तिच्या सालीचा वाटा असे. गावाकडे पिसे उपटून कोंबडी जाळावर भाजून, हळद चोळून सालीसकट शिजवतात. शहरातल्या दुकानात मात्र कोंबडी सोलून मिळते. साल गेली, की तिच्यातले कोलॅजन आणि चरबी दोन्ही गेली.

दीड महिन्याच्या कोंबडीचे मांस मुळातच मऊ असते. तिला आजीच्या हिशेबाने पाऊण तास उकळले किंवा कुकरच्या चार शिट्ट्या दिल्या तर काय होते? मांसातली प्रथिने ५० अंश सेल्सिअसच्या आसपास आकसू लागतात आणि ७० अंशांच्या पुढे तर ओल्या फडक्यासारखे स्वतःतले पाणी पिळून बाहेर टाकतात. कुकरमध्ये तापमान १२० अंशांच्या जवळपास जाते. परिणामी छातीच्या तुकड्याचा कोरडा दोरखंड होतो, तंगडीचे मांस हाडावरून गळून रस्सा गढूळ होतो आणि एवढे होऊनही गावरानाइतका कस पाण्यात उतरत नाही, कारण तो मुळात कमी. मग कमी शिजवावे तर मांस रसदार राहते, पण रस्सा पाणीच राहतो. एकाच पातेल्यात, एकाच वेळी ही दोन्ही कामे साधत नाहीत, हे एकदा लक्षात घेतले म्हणजे पुढचा मार्ग सरळ आहे. कस काढायचा तो हाडांतून आणि तो आधी. मांसाचे तुकडे रस्स्यात जायचे ते उशिरा.

आपल्या परंपरेला ही कल्पना नवी नाही. कोल्हापूरकडे मटण शिजवताना आधी 'अळणी' काढतात, म्हणजे हळद, मीठ, आले-लसूण एवढ्यावर शिजवलेल्या मांसाचे पाणी. (अळणी या शब्दाचा अर्थ बिनमिठाचे असा असला तरी इथे तो बिनतिखटाचे या अर्थाने घ्यायचा.) लहान मुलांना आणि आजारातून उठलेल्या माणसाला तेच वाटीतून प्यायला देतात. तांबडा आणि पांढरा हे दोन्ही रस्से याच पाण्यावर उभे राहतात. ब्रॉयलरच्या बाबतीत फरक एवढाच करायचा, की अळणी तुकड्यांऐवजी हाडांची काढायची.

त्यासाठी दुकानदाराशी दोन वाक्ये बोलावी लागतात. एक किलो कोंबडी घेताना मान, पाठीचा सांगाडा आणि पंखांची टोके वेगळी बांधून मागावीत. पाय मिळाले तर अवश्य घ्यावेत. नखे छाटून, गरम पाण्यात बुडवून वरची पिवळी साल काढली की झाले. पायांत मांस जवळजवळ नसतेच, पण साल, शिरा आणि कूर्चा असल्याने रस्स्याला अंग देण्यात त्यांचा हात कोणी धरणार नाही. अनेक दुकानांत ते नाममात्र दरात मिळतात. घरी आल्यावर ही हाडे, अर्धा कांदा, चार लसूणपाकळ्या, चिमूटभर हळद आणि सव्वा लिटर पाणी असे पातेल्यात घालून पाऊण तास मंद आचेवर ठेवावे. घाई असेल तर इथे कुकर जरूर वापरावा. पाच-सहा शिट्ट्यांनी हाडांचे काही बिघडत नाही. वर आलेला फेस काढून पाणी गाळून घेतले, की चार-पाच माणसांच्या रस्स्याचा पाया तयार झाला.

तोवर तुकड्यांना मीठ, हळद आणि दोन चमचे आले-लसणाचे वाटण चोळून ठेवावे. अर्धा तास पुरतो, दोन तास अधिक चांगले. मीठ आत मुरल्याने मांसातली प्रथिने पाणी अधिक धरून ठेवतात आणि शिजताना तुकडा कमी आकसतो. हे काम आयत्या वेळी रस्स्यात टाकलेले मीठ करू शकत नाही. कोंबडी धुण्याबद्दल एक सूचना इथेच देऊन ठेवतो. ब्रिटनच्या अन्नसुरक्षा विभागाने २०१४ मध्ये कच्ची कोंबडी धुऊच नका अशी मोहीम काढली होती, कारण नळाखाली उडणाऱ्या शिंतोड्यांतून कॅम्पिलोबॅक्टर हा जंतू ओट्यावर व भांड्यांवर पसरतो. आपल्याकडे डोळ्यांदेखत कापून आणलेली कोंबडी न धुता शिजवणे कोणाच्या मनाला पटणार नाही. मग निदान धारेखाली न धरता खोल पातेल्यात हलक्या हाताने धुवावी, पाणी काळजीपूर्वक ओतावे आणि कोशिंबिरीचा कांदा त्याच पाटावर कापू नये.

आता वाटण. रस्सा फसण्याचे दुसरे कारण इथे दडलेले असते, आणि त्याला कोंबडी जबाबदार नाही; जबाबदार आहे घड्याळ. पाककृतींच्या पुस्तकांत 'कांदा गुलाबी होईपर्यंत पाच मिनिटे परतावा' असे सर्रास छापलेले असते. पाच मिनिटांत कांदा मऊ होतो, भाजला जात नाही. कांद्यात ८५ टक्क्यांहून अधिक पाणी असते. हे पाणी उडून जात नाही तोवर कढईतल्या कांद्याचे तापमान १०० अंशांच्या पुढे सरकूच शकत नाही. आणि तपकिरी रंग व खमंग वास ज्या प्रक्रियेने येतो तिला वेग येतो तो १४० अंशांच्या आसपास. शर्करा आणि अमिनो आम्ले यांच्यातल्या या प्रक्रियेचे वर्णन फ्रेंच शास्त्रज्ञ लुई-कामिय मैयार यांनी १९१२ मध्ये केले आणि तिला त्यांचेच नाव मिळाले. भाकरीवरचे पापुद्र्याचे डाग, भाजलेल्या शेंगदाण्याचा वास आणि आपल्या वाटणाचा खमंगपणा ही सारी तिचीच रूपे. तीन मध्यम कांदे उभे चिरून, दोन चमचे तेलावर, चिमूटभर मीठ घालून मध्यम आचेवर परतायला वीस मिनिटे लागतात. पहिली दहा मिनिटे काहीच घडत नाही असे वाटते; ती पाणी उडण्याची दहा मिनिटे. नंतर रंग झपाट्याने बदलतो आणि तेव्हा कढईपुढून हलता येत नाही. फोन घ्यायला गेलो आणि परत येईतो वाटण कडू झाले, असा अनुभव प्रस्तुत वार्ताहराने एकाहून अधिक वेळा घेतला आहे.

सुके खोबरे वेगळे भाजावे. त्यात निम्म्याहून अधिक तेलच असते आणि पाणी अगदी थोडे, त्यामुळे कांद्याला लागतो त्याच्या पाव वेळात ते लाल होते आणि दुर्लक्ष झाले तर जळतेही. अर्धी वाटी किसलेले खोबरे मंद आचेवर बदामी झाले की काढून घ्यावे. त्याच कढईत एक चमचा तीळ आणि एक चमचा खसखस नुसती गरम करावी. आठ-दहा लसूणपाकळ्या, इंचभर आले, मूठभर कोथिंबीर देठांसह. हे सारे गार झाल्यावरच वाटावे. मिक्सरमध्ये गरम मिश्रण घातले तर वाफेने झाकण उडण्याची भीती असते. पाट्यावर वाटण करणारी घरे शहरात आता बोटांवर मोजण्याइतकीच. मिक्सरमध्येही चांगले वाटण होते, अट एवढीच की पाणी चमच्या-चमच्याने घालावे आणि लोण्यासारखे मऊ होईपर्यंत थांबावे. भरड वाटण रस्स्यात मिसळून राहत नाही, तळाला बसते.

मसाला ज्याच्या-त्याच्या घरचा. एप्रिल-मे महिन्यांत मिरच्या वाळवून, कांडून वर्षाची बेगमी करणाऱ्या घरांत साताऱ्या-कोल्हापूरकडे कांदा-लसूण मसाला असतो, कोकणात मालवणी मसाला, खानदेशात काळा मसाला. नागपूरच्या सावजी रस्स्याचा काळसर जहालपणा आणि गोव्याच्या शागोतीतला खसखस-नारळाचा दाटपणा हे स्वतंत्र लेखांचे विषय आहेत. मिरचीबद्दल एक गोष्ट सर्वत्र सारखी: रंगासाठी ब्याडगी, तिखटपणासाठी लवंगी किंवा संकेश्वरी. दोन्ही कामे एकाच मिरचीकडून करून घेण्याच्या नादात रस्सा एक तर फिकट होतो किंवा खाववत नाही. कांदा-लसूण मसाल्यात मीठ बहुधा आधीच असते. तुकड्यांना लावलेले मीठ लक्षात घेऊन वरून घालावे.

रस्स्यावर तरंगणाऱ्या लाल तवंगाला आपण तरी किंवा कट म्हणतो. तरी येत नाही ही अनेकांची तक्रार असते आणि त्यावर उपाय म्हणून वाटीभर तेल ओतले जाते. मिरचीचा रंग आणि तिखटपणा दोन्ही पाण्यात फारसे विरघळत नाहीत, तेलात विरघळतात. म्हणून मसाला तेलाला भेटायला हवा, तोही तेल फार कडक तापलेले नसताना; धूर निघणाऱ्या तेलात तिखट पडले तर क्षणात करपते आणि रंग काळवंडतो. जाड बुडाच्या पातेल्यात चार चमचे तेल तापवून आच कमी करावी, अडीच-तीन चमचे मसाला घालून लगेच वाटण घालावे. वाटणातला ओलावा मसाल्याला जळण्यापासून वाचवतो. मग 'तेल सुटेपर्यंत' परतावे. या जुन्या सूचनेला नेमका अर्थ आहे. वाटणात पाणी आहे तोवर तेल त्यात मिसळून राहते. पाणी आटले की ते कडेने वेगळे दिसू लागते. तेल सुटले याचा अर्थ वाटणातले पाणी संपले आणि आता ते खऱ्या अर्थाने भाजले जाऊ लागले. याला दहा-बारा मिनिटे द्यावीत.

आता मुरवलेले तुकडे घालून पाच मिनिटे वाटणात परतावेत आणि हाडांचे गाळलेले पाणी कढत असताना ओतावे. गार पाणी ओतले तर उकळी मोडते आणि पुढचा वेळेचा अंदाज चुकतो. उकळी फुटली की आच कमी करावी. इथे खळखळा उकळण्याचा मोह आवरावा. जोराच्या उकळीत तेलाचे बारीक थेंब होऊन ते पाण्यात कालवले जातात, रस्सा गढूळ होतो आणि तरी वर येत नाही. जुन्या बायका पातेल्यावर काठाचे ताट ठेवून त्यात पाणी घालीत. वाफ ताटाला लागून थेंबाथेंबाने परत खाली पडे, आणि रस्सा दाट वाटला तर वर गरम पाणी तयारच असे. ही युक्ती गॅसच्या शेगडीवरही तितकीच उपयोगी आहे.

तंगडीचे तुकडे वीस ते पंचवीस मिनिटांत शिजतात. छातीचे तुकडे दहा मिनिटे उशिरा घातले तर दोन्ही एकाच वेळी तयार होतात. एवढ्या वेळात कोंबडी कच्ची राहणार नाही ना, ही शंका रास्त आहे. फेब्रुवारी २००६ मध्ये नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापूरला देशातला बर्ड फ्लूचा पहिला उद्रेक झाला, तेव्हा कोंबडीचे बाजार ओस पडले होते. त्या वेळी जागतिक आरोग्य संघटनेचा सल्ला होता, की मांसाच्या प्रत्येक भागाचे तापमान ७० अंशांवर गेले की विषाणू नष्ट होतो. रस्सा उकळीच्या जवळ, म्हणजे १०० अंशांच्या आसपास असतो. मध्यम आकाराचा तुकडा त्यात वीस मिनिटे राहिला तर आतपर्यंत ही मर्यादा ओलांडली जाते. खात्री करायची तर तंगडीच्या सांध्याजवळ सुरी खुपसून पाहावी. बाहेर येणारे पाणी स्वच्छ असावे, मांस पारदर्शक दिसू नये. कोवळ्या कोंबडीच्या हाडालगत कधी कधी शिजल्यावरही लालसर डाग दिसतो. तो हाडातल्या मगजाचा रंग असतो, विशेषतः गोठवलेल्या कोंबडीत. तेवढ्यावरून पातेले पुन्हा अर्धा तास चढवू नये.

गावरानच हवी, असा आग्रह असणाऱ्यांसाठी थोडे. शहरात 'गावरान' म्हणून विकल्या जाणाऱ्या रंगीत कोंबड्यांपैकी बऱ्याच गिरिराज, वनराज अशा सुधारित जातींच्या असतात. पहिली बंगळुरूच्या कृषी विद्यापीठात विकसित झाली, दुसरी हैदराबादच्या कुक्कुट संशोधन संस्थेत. त्या ब्रॉयलरपेक्षा सावकाश वाढतात आणि अधिक चवदार लागतात, पण परसातल्या कोंबडीची बरोबरी करतीलच असे नाही. झाबुआच्या कडकनाथला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाल्यापासून त्याचाही बोलबाला आहे. यांपैकी काहीही आणले तर वरचा वेळेचा हिशेब बाजूला ठेवून आजीचीच रीत धरावी: सगळे एकत्र, मंद आचेवर तासभर, किंवा कुकरच्या चार-पाच शिट्ट्या. हाडांची वेगळी अळणी काढण्याची तिथे गरज नाही.

गॅस बंद केल्यावर रस्सा लगेच वाढू नये. झाकण ठेवून पंधरा मिनिटे थांबले की उकळी शांत होऊन तरी वर येते आणि आकसलेले मांस थोडा रस परत ओढून घेते. तेवढ्यात भाकऱ्या होतात. उरलेला रस्सा दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावा. सोमवार पाळणारे घर नसेल तर दुसऱ्या दिवशी सकाळी झाकण उघडून चमचा खुपसून पाहावा. थलथलीत गोठला असेल, तर पाण्यात कस उतरला. पातळच राहिला असेल, तर पुढच्या रविवारी चार पाय जास्त आणावेत.